हेझल स्कॉट आणि ड्यूमाँटचा पडदा

अमेरिकेत दूरचित्रवाणी नुकतीच घराघरांत शिरत असताना, ३ जुलै १९५० रोजी, ड्यूमाँट या प्रक्षेपण-जाळ्यावर, म्हणजे एकच कार्यक्रम अनेक शहरांतील केंद्रांवरून दाखवणाऱ्या संस्थेवर, 'द हेझल स्कॉट शो' सुरू झाला. स्वतःच्या नावाने असा कार्यक्रम मिळालेल्या कृष्णवर्णीय स्त्रिया तेव्हा जवळपास नव्हत्याच.

त्रिनिदादमध्ये १९२० साली जन्मलेल्या आणि लहानपणीच न्यूयॉर्कला आलेल्या हेझल स्कॉट यांचा हात पाश्चात्त्य अभिजात पियानोवादनावर बसलेला होता. बाख किंवा लिस्ट यांची रचना आधी मूळ रूपात वाजवायची आणि मग तिच्यातच 'स्विंग' आणायचा, म्हणजे स्वरांचे आघात ठरलेल्या मात्रेच्या किंचित मागेपुढे टाकून लयीला झोका द्यायचा, ही त्यांची शैली गोरे आणि काळे श्रोते एकत्र बसत त्या 'कॅफे सोसायटी' या क्लबात नावारूपाला आली. चित्रपटांत त्यांनी मोलकरणीच्या भूमिका स्वीकारल्या नाहीत आणि वर्णानुसार विभागलेल्या श्रोत्यांपुढे वाजवण्यासही नकार दिला. हा करारीपणा त्यांच्या कलेइतकाच मोलाचा मानला पाहिजे. पंधरा मिनिटांच्या या कार्यक्रमात त्या पियानोवर बसून गात, वाजवत आणि स्वतःच निवेदन करत.

त्या काळी प्रक्षेपण जतन करायचे तर पडद्यावरचे चित्र फिल्मवर टिपावे लागे, या प्रतीला 'किनेस्कोप' म्हणत. ड्यूमाँटच्या बहुतेक किनेस्कोप प्रती पुढे नष्ट झाल्या आणि या कार्यक्रमाचा एकही भाग उपलब्ध असल्याचे ज्ञात नाही. त्यामुळे स्कॉट यांना वाजवताना पाहायचे तर 'ऱ्हॅप्सडी इन ब्लू'सारख्या चित्रपटांकडेच वळावे लागते.

कार्यक्रम सुरू होण्यापूर्वी काही दिवसच, जून १९५० मध्ये, 'रेड चॅनल्स' ही पुस्तिका निघाली होती आणि तिच्यात कम्युनिस्ट सहानुभूतिदार असल्याचा संशय घेऊन दिलेल्या १५१ नावांत स्कॉट यांचेही नाव होते. प्रायोजक, म्हणजे जाहिरातीच्या पैशावर कार्यक्रम चालवणारे उद्योग, अशा नावांपासून दूर राहत. तरीही स्कॉट गप्प बसल्या नाहीत. २२ सप्टेंबर रोजी राष्ट्रविरोधी कारवायांची चौकशी करणाऱ्या संसदीय समितीपुढे स्वतःहून हजर होऊन त्यांनी आरोप नाकारला आणि कलावंतांच्या अशा याद्या करण्याच्या प्रथेवरच टीका केली. २९ सप्टेंबरला कार्यक्रम बंद झाला. त्यानंतर चारच दिवसांनी, ३ ऑक्टोबरला, एबीसी या दुसऱ्या जाळ्यावर 'ब्यूला' ही मालिका सुरू झाली आणि तिच्यात एथेल वॉटर्स या थोर कृष्णवर्णीय गायिकेला गोऱ्या कुटुंबातील मोलकरणीची भूमिका देण्यात आली होती.