तेरा मोदक, पाच पाने आणि भास्कराचार्यांची एक अट

१/ आजच्या धाग्याचा आरंभ एका कोड्याने करू. पंगतीत ओळीने पाच पाने मांडली आहेत आणि वाढायला तेरा सारखे मोदक आहेत. मोदक मोडायचा नाही, एकही पान रिकामे ठेवायचे नाही. तर ही वाटणी किती प्रकारे करता येईल?

२/ हाच प्रश्न भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त अंकांच्या रूपाने आला आहे. भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ (इ.स. १११४) मधला. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, म्हणजे ११५० मध्ये, त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ रचला. ‘लीलावती’ हा त्याचा पहिला भाग असून त्याच्या अखेरीस ‘अंकपाश’ हे प्रकरण येते.

३/ या प्रकरणातले प्रसिद्ध उदाहरण शंकराचे आहे : दहा हातांत दहा आयुधे किती प्रकारे धरता येतील? उत्तर ३६,२८,८००. त्याहून कमी परिचित, पण अधिक सूक्ष्म असा प्रश्न पुढे येतो : पाच स्थानांच्या ज्या संख्यांतील अंकांची बेरीज तेरा होते, अशा संख्या किती? येथे शून्य धरलेले नाही. स्थान म्हणजे आपले पान आणि अंक म्हणजे त्या पानावरचे मोदक.

४/ त्यांचा नियम असा : बेरजेतून एक वजा करावा, म्हणजे १२. स्थानांतूनही एक वजा करावा, म्हणजे ४. मग १२ पासून एकेक कमी करत चार पदे मांडावीत, त्यांना अनुक्रमे १, २, ३, ४ यांनी भागावे आणि गुणाकार करावा. १२×११×१०×९ = ११,८८०; १×२×३×४ = २४; भागाकार ४९५.

५/ श्लोकात नियम आहे, उपपत्ती नाही. ती आपण करून पाहू. तेरा मोदक एका रांगेत ठेवा. त्यांच्यामध्ये बारा फटी पडतात. त्यांपैकी कोणत्याही चार फटींत एकेक काडी ठेवली की रांगेचे पाच वाटे होतात आणि एकही वाटा रिकामा राहत नाही. म्हणजे ‘वाटण्याचा’ प्रश्न हा वस्तुतः बारांतून चार ‘निवडण्याचा’ प्रश्न ठरतो.

६/ निवडीचे गणित भास्कराचार्यांच्या आधीपासून चालत आले होते. सहा रसांचे ६३ भेद ‘सुश्रुतसंहिते’त आहेत. नवव्या शतकात राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्षाच्या काळी महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रहा’त निवडीचा सर्वसामान्य नियम दिला. ‘लीलावती’तही तो निराळ्या प्रकरणात आहे, छंद, वास्तू आणि वैद्यक या शास्त्रांत त्याचा उपयोग होतो, असे तेथे सांगितले आहे.

७/ परंतु या श्लोकातील खरे मोल पुढच्या अटीत आहे. अंकांची बेरीज ही ‘स्थानसंख्या अधिक नऊ’ यापेक्षा कमी असेल, तरच हा नियम लागू पडतो, असे भास्कराचार्य स्पष्ट सांगतात. पाच स्थानांसाठी ही सीमा १४. आणि उदाहरणातली बेरीज आहे १३. उदाहरण अगदी सीमेला लागून निवडले आहे.

८/ अट मोडली तर काय होते? बेरीज १४ घ्या. नियमाने ७१५ येतात. पण त्यांत १०, १, १, १, १ अशी वाटणी पाच वेळा मोजली गेली. पानावर दहा मोदक वाढता येतात. एका स्थानावर ‘दहा’ हा अंक मात्र लिहिता येत नाही. खरे उत्तर ७१०. मोदकांना ही मर्यादा नाही, अंकांना आहे.

९/ ‘आमच्या पूर्वजांना सर्व काही ठाऊक होते’ अशा आशयाच्या मजकुरांचा आज सुकाळ आहे. त्यांच्याशेजारी हा श्लोक ठेवून पाहावा. आपला नियम कोठे चालतो आणि कोठे थांबतो, हे ग्रंथकार स्वतःच सांगत आहे. त्याच्या नावे अमर्याद दावे करणे हा त्याचा गौरव नव्हे. त्याने जपलेल्या काटेकोरपणाशी ती प्रतारणा आहे.

१०/ ही विद्या टिकली ती शिकवली गेली म्हणून. चाळीसगावजवळील पाटण येथील १२०७ च्या शिलालेखात, भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी स्थापलेल्या मठाचा आणि त्याला मिळालेल्या दानाचा उल्लेख आहे. नारायण पंडितांनी १३५६ च्या ‘गणितकौमुदी’त अंकपाशाचा मोठा विस्तार केला. कोकणातील नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५४५ मध्ये ‘लीलावती’वर ‘बुद्धिविलासिनी’ ही टीका लिहून अनेक नियमांच्या उपपत्ती दिल्या.

११/ आता आपली पाळी. चार स्थाने, अंकांची बेरीज सात. प्रथम अट तपासा, मग नियम लावा. उत्तर २० येईल. त्यानंतर त्या वीसही संख्या कागदावर लिहून काढा. एकही सुटली नाही याची खात्री पटली, की आठशेहून अधिक वर्षांपूर्वीचा तो नियम केवळ ऐकीव राहणार नाही.