श्रेय कोणाचें?

चित्रपटाचें संगीत एकट्या संगीतकाराचें असतें, हा समज सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली' (१९५५) ह्या बंगाली चित्रपटापुढें टिकत नाहीं. द्रव्याची सदैव चणचण असलेल्या ह्या कृतीचें संगीत रविशंकर यांनीं अर्धाच चित्रपट पाहून, सुमारें ११ तासांच्या एकाच बैठकींत सिद्ध केलें. राहिलेली एक जागा छायालेखक सुब्रत मित्र यांनीं स्वतः सतार वाजवून भरली. मोठ्या चित्रसंस्थेंत हें कोण खपवून घेतें! मुलीच्या मृत्यूनंतर घरीं परतलेल्या नवऱ्यापुढें सर्वजया हंबरडा फोडते, तेथें रायांनीं तिचा आवाजच काढून टाकला व दक्षिणामोहन ठाकूर यांच्या, गजानें वाजणाऱ्या तारशहनाईचे पटदीपांतले तारस्वर घातले. तो आक्रोश रविशंकरांचा कीं रायांचा? मला तो दिग्दर्शकाचाच वाटतो. १९६१ च्या 'तीन कन्या'पासून राय आपल्या चित्रपटांचें संगीतही स्वतःच रचूं लागले.