मृगाला बदलणारे साल

पानिपतचा दिवस एक, साले सहा. इंग्रजी कालगणनेत ती लढाई १४ जानेवारी १७६१ ची. शालिवाहन शकात ते साल १६८२, हिजरीत ११७४, दक्षिणेतल्या फसलीत ११७० आणि शिवछत्रपतींच्या राज्याभिषेक शकात ८७. पेशव्यांच्या कारकुनाने मात्र त्या सालच्या कागदावर लिहिले असते ‘सन इहिदे सितैन मया व अलफ’. इहिदे म्हणजे एक, सितैन साठ, मया शंभर, अलफ हजार. बेरीज ११६१. हा शुहूर सन, म्हणजेच अरबी सन. शेतकऱ्याच्या सोयीचे त्याचे नाव मृगसाल.

अंक हिजरीचा, पण वर्ष सूर्याचे, असा हा जोड. हिजरी वर्ष चांद्र असल्यामुळे ते ३५४ किंवा ३५५ दिवसांत संपते आणि ऋतूंच्या मागे दरसाल सुमारे अकरा दिवस सरकते. मोहरम कधी पावसाळ्यात येतो, कधी भर थंडीत. पिकांना ही सवलत नाही. म्हणून केव्हातरी हिजरीचा चालू अंक तसाच उचलला गेला आणि पुढे तो सूर्याच्या वर्षाबरोबर मोजला जाऊ लागला. दोन्ही अंक मागे नेत गेले की ते ७४५ वर एकत्र येतात. हिजरी ७४५ चा मोहरम १५ मे १३४४ रोजी, मृगाच्या तोंडावर लागला होता. दिल्लीच्या तख्तावर तेव्हा महंमद तुघलक होता, आणि दक्षिण त्याच्या अमलाखाली होती. तेव्हापासून पानिपतपर्यंत शुहूरची ४१६ वर्षे झाली आणि हिजरीची ४२९. म्हणूनच ११६१ आणि ११७४ यांच्यात तेरा वर्षांची फट दिसते.

ही फट राज्यकर्त्यांना ठाऊक होती. त्यांनी ती बुजवली नाही.

मलिक अहमदने १४९० मध्ये निजामशाही उभी केली आणि चार वर्षांनी भिंगारजवळ, सीनेच्या काठी आपले नगर वसवायला घेतले. दरबाराची भाषा फारसी, धर्मकार्याला हिजरी. गावचा हिशेब मात्र मराठीत, मोडीत आणि शुहूर सनात. आजच्या अहिल्यानगर जिल्ह्याचा नकाशा पाहिला की त्याचे कारण कळते. पश्चिमेला अकोल्याच्या घाटमाथ्यावर पाऊस कोसळतो. पूर्वेला पाथर्डी-जामखेडकडे लोक ढगांची वाट पाहत बसतात. तिथला मुख्य भरवसा रब्बीच्या ज्वारीवर. मृगाला सुरू होणाऱ्या वर्षात आधी खरीप येतो, मग रब्बी, आणि रास घरात पडल्यानंतर साल सरते. दोन्ही हंगामांचा वसूल एकाच सालात बसतो. जमिनीचा कस पाहून सारा ठरवणाऱ्या मलिक अंबरच्या कारभाराला असेच वर्ष हवे होते.

अंबर १६२६ मध्ये वारला आणि दहा वर्षांनी निजामशाही बुडाली. त्याच १६३६ मध्ये शाहजहानने दक्षिणेत फसली सन लावला, तोही हिजरीचा अंक सूर्याला बांधूनच. सुरुवातीचे साल वेगळे, म्हणून अंक वेगळा. मराठी दफ्तरांनी तरीही शुहूर सोडला नाही. शिवाजी महाराजांनी १६७४ मध्ये स्वतःचा शक सुरू केल्यावरही तो चालू राहिला, आणि पेशव्यांच्या रोजकीर्दीत शेवटपर्यंत टिकला.

खरी कसोटी लागली ती १८१८ नंतर, हे कागद कारभारातून निघून अभ्यासकांच्या हाती आल्यावर. पेशवाईतल्या पत्रांत साल शुहूरचे आणि ‘छ’ या खुणेपुढे चंद्राची तारीख, म्हणजे हिजरी महिन्याची. आता ३६५ दिवसांच्या सालात ३५४ दिवसांचे चक्र बसवले तर सालाच्या आरंभीच्या दहा-अकरा तारखा सालाच्या अखेरीस पुन्हा येतात. तारीख तीच, साल तेच, आणि पत्रे मात्र जवळजवळ वर्षाच्या अंतराने लिहिलेली! कागदात वार असेल तर सुटका होते. ३५४ ला ७ ने भागले की बाकी ४ उरते, म्हणून दोन्ही वेळी वार निराळा पडतो. वार नसेल तर मजकुरातला पाऊस, मुक्काम, लग्नकार्य धुंडाळावे लागते.

याच कामासाठी जंत्र्या झाल्या. बाळाजी प्रभाकर मोडकांनी शक, हिजरी, शुहूर, फसली आणि इंग्रजी तारखा शेजारी शेजारी मांडल्या. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी रॉबर्ट स्यूएलबरोबर केलेला भारतीय कालगणनेवरचा इंग्रजी ग्रंथ १८९६ मध्ये लंडनला छापला गेला. दोनच वर्षांनी राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड आला. १९१० मध्ये पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ निघाले, आणि १९३० नंतर सरदेसायांच्या देखरेखीखाली पेशवे दफ्तराचे पंचेचाळीस खंड छापले गेले. या मंडळींनी तारखांचे रूपांतर केले, पण मूळ खूण पुसली नाही. ‘छ’ आणि अरबी अंक छापील मजकुरात राहिले. इंग्रजी तारीख त्यांच्या शेजारी आली. त्यामुळे एखाद्या संपादकाचे रूपांतर चुकले तर पुढचा वाचक स्वतः गणित करून ते दुरुस्त करू शकतो.

शुहूर सन आता मोडी वाचणाऱ्यांपुरता उरला आहे. त्यामागची गरज मात्र सरकारदरबारी अजून जिवंत आहे. सरकारचे आर्थिक वर्ष १ एप्रिलला सुरू होते, पण महाराष्ट्राच्या तलाठ्याचे महसुली वर्ष १ ऑगस्ट ते ३१ जुलै असते. पारनेर असो वा शेवगाव, गावनमुन्यांचा ताळमेळ जुलैअखेरीस घालावा लागतो, आणि १ ऑगस्टला महसूल दिन साजरा होतो.