काँग्रेस समाजवादी पक्षातील नेतृत्वाचा वाद (१९३४–१९४०)

पनवेलहून गोव्याच्या रस्त्याने दक्षिणेस निघाले म्हणजे प्रथम शिरढोण लागते. ते वासुदेव बळवंत फडके यांचे जन्मगाव. पुढे कर्नाळ्याचा सुळका मागे पडल्यावर तारा हे गाव येते. युसुफ मेहेरअली यांच्या नावाने १९६१ साली स्थापन झालेल्या संस्थेचे आरोग्य, शिक्षण व ग्रामोद्योग यांचे कार्य या गावी चालते. २०२५ साली दिवंगत झालेले डॉ. जी. जी. पारीख हे या संस्थेचे संस्थापक. त्यामुळे या तालुक्यात ‘समाजवादी’ या शब्दाला विधायक कार्याचा सौम्य अर्थ चिकटला आहे. परंतु ज्या काँग्रेस समाजवादी पक्षाच्या उभारणीत मेहेरअलींचे तारुण्य खर्ची पडले, त्या पक्षाचा अंतर्गत इतिहास इतका सौम्य नाही. स्वातंत्र्य हे ध्येय सर्वांना मान्य असूनही पक्ष कोणाच्या हाती राहावा, या एका प्रश्नावर तो सहा वर्षे झुंजत होता.

पक्षाची कल्पना नाशिकच्या तुरुंगात आकारास आली. जयप्रकाश नारायण, अच्युत पटवर्धन, मिनू मसानी, अशोक मेहता, ना. ग. गोरे आदी तरुण कायदेभंगाच्या चळवळीत तेथे एकत्र आले होते. मे १९३४ मध्ये पाटण्यास आचार्य नरेंद्र देव यांच्या अध्यक्षतेखाली पहिली परिषद भरली आणि ऑक्टोबरमध्ये मुंबईस पक्षाची रीतसर स्थापना झाली. सभासद काँग्रेसचाही सभासद असलाच पाहिजे, असा नियम होता. म्हणजे हा पक्ष एका मोठ्या पक्षाच्या पोटातील लहान पक्ष होता. देशाचे नेतृत्व गांधीजींकडे होते व ते तेथेच राहणार, हे सर्वांस ठाऊक होते. नेतृत्वाचा वाद होणार होता तो या आतल्या घरापुरता.

या घराची रचना नीट पाहिली पाहिजे. अध्यक्ष परिषदेपुरता असे : मुंबईस संपूर्णानंद, मीरतला कमलादेवी चट्टोपाध्याय, फैजपूरला स्वतः जयप्रकाश, लाहोरला मसानी. खरी सत्ता सरचिटणीस व कार्यकारिणी यांच्याकडे होती. मराठेशाहीतील चिटणिसाचे महत्त्व ज्यास ठाऊक आहे, त्याला याचे नवल वाटू नये. सरचिटणीसपदी जयप्रकाश होते आणि त्यांच्या जागेवर कोणी उघड हक्क सांगितला नाही. अनेक अभ्यासकांनी यावरून पक्षात नेतृत्वाचा वाद नव्हता, केवळ तत्त्वाचा होता, असे अनुमान काढले आहे. ते स्वीकारता येत नाही. वाद नेत्याच्या आसनाभोवतीच्या जागांचा होता, आणि त्या जागा भरल्या की आसन आपोआप ताब्यात येणार होते.

१९३४ साली सरकारने कम्युनिस्ट पक्षावर बंदी घातली होती. पुढील वर्षी आंतरराष्ट्रीय कम्युनिस्ट संघटनेने संयुक्त आघाडीचे धोरण स्वीकारले. बंदी असलेल्या पक्षाच्या कार्यकर्त्यांना उघड काम करण्यासाठी एक छप्पर हवे होते, आणि समाजवाद्यांना मार्क्सवाद्यांची एकजूट हवी होती. जानेवारी १९३६ मध्ये मीरत येथे त्यांना पक्षाचे दार उघडण्यात आले. जयप्रकाश त्या काळी निःसंशय मार्क्सवादी होते. ही एकजूट त्यांना डावपेच म्हणून नव्हे, तर श्रद्धा म्हणून हवी होती. त्यांचे मोठेपण व त्यांची चूक दोन्ही येथे आहेत. आलेले लोक दुहेरी निष्ठेचे होते. त्यांची शिस्त अन्यत्र ठरत असे व मते एकगठ्ठा पडत असत. मित्रमंडळासारख्या चालणाऱ्या पक्षाजवळ याला उत्तर नव्हते.

१९३७ साली नव्या कम्युनिस्टांना प्रवेश देऊ नये असे ठरले, परंतु आत आलेल्यांचे काय, हा प्रश्न तसाच राहिला. एप्रिल १९३८ च्या लाहोर परिषदेत तो मतदानास आला. कार्यकारिणीसाठी दोन याद्या पुढे आल्या. एक जयप्रकाशांची, सर्व गटांना सामावून घेणारी. दुसरी कम्युनिस्ट व त्यांच्या स्नेह्यांची, तीत त्यांचेच बहुमत. सरचिटणिसाविरुद्ध एक शब्दही न बोलता त्याचा पक्ष काढून घेण्याचा हा प्रयत्न होता. जयप्रकाशांची यादी थोड्या मतांनी निभावली. परंतु जिंकलेल्या यादीतही कम्युनिस्टांना जागा होत्याच, म्हणून लाहोरचा विजय हा वस्तुतः तहच म्हणावा लागतो.

मसानींचे निदान या सर्वांत आधी व स्पष्ट होते. कम्युनिस्टांचा डाव उघड करणारी पुस्तिकाही त्यांनी काढली. एकजुटीच्या वातावरणात ती अनेकांस कर्कश वाटली असावी. पुढे १९३९ मध्ये मसानी, अच्युत पटवर्धन, राममनोहर लोहिया व अशोक मेहता यांनी कार्यकारिणीचे राजीनामे दिले. ज्यांच्या बळावर सरचिटणिसाची यादी उभी होती, तेच बाजूला झाले. राजीनाम्याने निषेध नोंदविला जातो, पण जागा रिकामी होते आणि रिकाम्या जागेचा लाभ संघटित गटासच मिळतो, याचा विचार या चौघांनी पुरेसा केला नाही असे दिसते.

सप्टेंबर १९३९ मध्ये महायुद्ध सुरू झाले आणि मतभेद झाकणे अशक्य झाले. मार्च १९४० मध्ये रामगढ येथे कम्युनिस्टांना पक्षातून काढण्याचा निर्णय झाला. दोन वर्षांपूर्वी मसानींनी जे सुचविले होते तेच आता स्वीकारले गेले, पण तोवर मसानी पक्ष सोडून गेले होते. दक्षिणेत तर काढण्यासारखे फारसे कोणी उरलेच नव्हते. पक्षाचे संयुक्त चिटणीस राहिलेले ई. एम. एस. नंबुद्रिपाद, पी. कृष्ण पिळ्ळै व त्यांचे सहकारी मलबारातील पिणरायी येथे १९३९ च्या अखेरीस जमले आणि केरळची शाखा जशीच्या तशी कम्युनिस्ट पक्षात गेली. आंध्र व तमिळनाडमध्येही समाजवाद्यांच्या हाती थोडेच राहिले.

उरलेला पक्ष १९४२ च्या चळवळीत ज्या तडफेने उतरला, ती सर्वश्रुत आहे; मेहेरअली त्या वर्षी मुंबईचे महापौर होते. मार्च १९४८ मध्ये समाजवादी नाशिकलाच काँग्रेसबाहेर पडले. १९५७ साली केरळात कम्युनिस्टांचे पहिले मंत्रिमंडळ अधिकारावर आले, तेव्हा त्याचे मुख्यमंत्री नंबुद्रिपाद हेच होते.