चुलीबरोबर फिरणारी भाकरी

भातकुली-दर्यापूरकडे ज्वारीची भाकरी तव्यावरून उतरवून निखाऱ्यापुढे धरली की ती टम्म फुगते आणि वरचा पापुद्रा सुटतो. तो उचलून आत तेल-तिखट पसरायला वऱ्हाडातल्या पोरांना शिकवावे लागत नाही. म्हणूनच ‘पिटा’ नावाच्या भाकरीत मसालेदार मांस, कांदा आणि दही भरून खाण्याची ग्रीक पद्धत ऐकली की आपल्याला फारसे नवल वाटू नये. हा पदार्थ घरी करणे सोपे आहे, आणि तो कसा करायचा हे पुढे सांगितलेच आहे. पण त्याआधी एक प्रश्न. हा पदार्थ ग्रीक कितपत?

सळईवर मांस भाजणे ग्रीसमध्ये निश्चितच जुने आहे. एजियन समुद्रातील सँटोरिनी बेटावर अक्रोतिरी नावाचे एक नगर इसवी सनापूर्वी सुमारे १६०० च्या आसपास ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. तेथे मातीच्या बैठ्या जोड्या सापडल्या आहेत. त्यांना खाचा आहेत, टोकाला जनावराचे तोंड आहे आणि त्या खाचांत सळया ठेवून खाली निखारे पसरत असत. आपल्याकडेही आयुर्वेदाच्या जुन्या ग्रंथांत ‘शूल्य’ मांसाचा उल्लेख येतो. तेव्हा सळईवरून कुणी हक्क सांगू नये हे बरे.

पिटात आज जे मांस भरतात ते मात्र या आडव्या सळईवरचे नसते. ते उभ्या, सावकाश फिरणाऱ्या दांड्यावर थर रचून भाजतात आणि बाहेरचा शिजलेला पापुद्रा सुरीने तासून काढतात. ही युक्ती ऑटोमन तुर्की साम्राज्यातली. १८५५ मध्ये इस्तंबूल येथे घेतलेल्या एका छायाचित्रात असा दांडा दिसतो. दांडा उभा का केला, याचे उत्तर भौतिकशास्त्राच्या शिक्षकाला आवडेल. आडव्या सळईवरील चरबी थेट निखाऱ्यात पडते, भडका उडतो, धूर होतो आणि मांस करपते. दांडा उभा केला आणि विस्तव बाजूला नेला की उष्णता मुख्यतः प्रारणाने बाजूने पोहोचते, तर चरबी मांसावरूनच खाली ओघळत जाते आणि खालचे थर कोरडे पडू देत नाही. शिवाय एका वेळी बाहेरचा पातळ थरच शिजलेला असतो, तोच कापायचा. आतले मांस पुढच्या गिऱ्हाइकाची वाट पाहत राहते. तुर्कीत याला ‘दोनेर’ म्हणतात, अरबीत ‘शावर्मा’ आणि ग्रीकमध्ये ‘यीरोस’. तिन्ही शब्दांच्या मुळाशी अर्थ एकच, फिरणे.

हा दांडा ग्रीसमध्ये रुळण्याचे कारण स्वयंपाकाचे नव्हते. १९१९ ते १९२२ या काळातील ग्रीक-तुर्की युद्धात ग्रीसचा पराभव झाला. जानेवारी १९२३ मध्ये लोझान येथे करार होऊन दोन्ही देशांनी लोकसंख्येची सक्तीची अदलाबदल मान्य केली. सुमारे बारा लाख ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती आशिया मायनर सोडून ग्रीसमध्ये आले (यांतील बहुतेक करार होण्यापूर्वीच जीव मुठीत धरून पळाले होते) आणि साडेतीन लाखांहून अधिक मुसलमान ग्रीसमधून तुर्कस्तानात गेले. आपल्या वाचकांना १९४७ आठवेल. या निर्वासितांपैकी काहींनी अथेन्स व थेसालोनिकी येथे छोटी दुकाने थाटली आणि अंगात असलेली कला विकली. मांस बदलले. तुर्कस्तानात मेंढीचे व गाईचे मांस वापरत, ग्रीसमध्ये पुढे डुकराचे चालू लागले. सोबतची लसूण घातलेली काकडी-दह्याची कोशिंबीर तशीच राहिली. तिचे ग्रीक नाव ‘त्झात्झिकी’ हे तुर्की ‘जाजिक’वरूनच आले आहे. आपण तिला काकडीची कोशिंबीर म्हणून ओळखलेच असते.

भाकरीची कथा याहून फार जुनी आहे. जॉर्डनमधील शुबायका येथील चुलींत सापडलेले सपाट भाकरीचे जळके तुकडे सुमारे १४,४०० वर्षांपूर्वीचे असल्याचे २०१८ मध्ये प्रसिद्ध झाले. शेती सुरू होण्याच्या सुमारे चार हजार वर्षे आधी माणूस रानटी धान्य दळून भाकरी करीत होता! यीस्टने फुगवलेली, भट्टीत भाजलेली आणि मध्ये खिसा असलेली भाकरी ही सीरिया-लेबनॉनकडची पद्धत. ग्रीसमधील पिटा थोडा जाड, तेल लावून तव्यावर भाजलेला असतो आणि बहुधा त्याला खिसा नसतोच. मांस त्यात भरत नाहीत, त्याभोवती तो गुंडाळतात. ‘ग्रीक’ म्हणून जगभर खपणारा खिसेवाला पिटा त्या अर्थाने अरबांचा आहे.

आता आपल्याकडे वळू. ग्रीक लोक महाराष्ट्रात आलेच नाहीत असे नाही. कार्ले येथील लेण्यांत स्तंभ दान करणाऱ्यांपैकी काहींनी स्वतःला ‘यवन’ म्हणवून घेतले आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील एका ग्रीक प्रवासवर्णनात पैठण आणि तेर या पेठांची नावे आहेत. वऱ्हाडात तर ग्रीक अगदी अलीकडे येऊन गेले, हे मात्र फारसे कुणाला माहीत नसते. खिऑस बेटावरच्या राली कुटुंबाने १८१८ च्या सुमारास लंडनमध्ये पेढी काढली, १८५१ मध्ये कलकत्त्यात आणि १८६१ मध्ये मुंबईत शाखा उघडल्या. त्याच १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिकडचा कापूस बंद झाला आणि मँचेस्टरच्या गिरण्यांची नजर वऱ्हाडाकडे वळली. आगगाडी आली, अमरावती, अकोला, खामगाव येथील बाजार वाढले आणि तेथे कापूस घेणाऱ्या मोठ्या परदेशी पेढ्यांत राली ब्रदर्स होती. तिचे नाव पुढे ‘रॅलीस’ या रूपाने कीटकनाशकांच्या डब्यांवर वऱ्हाडच्या शेतकऱ्याला परिचयाचे झाले. ती कंपनी आता टाटा समूहात आहे.

यवनांनी लेण्यांत खांब दिले, रालींनी गाठी बांधून कापूस नेला. यांपैकी कुणाचीही भाकरी इथे राहिली नाही. मला हे महत्त्वाचे वाटते. व्यापारी वखार उघडतो, चूल मांडत नाही. भाकरी हलते ती घरदार घेऊन हलणाऱ्या माणसांबरोबर, आणि पुष्कळदा अशी माणसे स्वखुशीने हललेली नसतात.

महाराष्ट्रातील उदाहरण पाहा. १३२७ मध्ये मुहम्मद बिन तुघलकाने दौलताबादला राजधानी केली आणि दिल्लीतून लोकांना तिकडे जायला भाग पाडले. औरंगाबादचा (आजचे छत्रपती संभाजीनगर) प्रसिद्ध ‘नान-खलिया’, म्हणजे तंदुरात भाजलेली जाड नान आणि मांसाचा रस्सा, हा त्या लष्करी मुदपाकखान्यातून आल्याचे परंपरा सांगते. कागदोपत्री पुरावा आणि परंपरा यांतला फरक विद्यार्थ्यांना सांगायला हे चांगले उदाहरण आहे. गोव्यात स्थायिक झालेल्या पोर्तुगीजांचा पाव मात्र पक्का. यीस्ट नव्हते म्हणून माडाच्या सुरीने पीठ आंबवले गेले, आणि त्याच पावात आपण आज खिमा घालून खातो. अलीकडे आखाती देशांत नोकरीला गेलेल्यांच्या मागोमाग शावर्माही आपल्या शहरांच्या नाक्यांवर आला.

अर्थात आपल्याला परक्यांकडूनच सारे शिकावे लागले असेही नाही. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने ११३० च्या सुमारास रचलेल्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात गव्हाच्या तलम पिठाचे मांडे हाताने पसरवून तापलेल्या खापरावर भाजण्याची कृती आहे. नागपूरकडे पालथ्या मडक्यावर टाकतात ती ‘लंबी रोटी’ तिचीच नात म्हणावी लागेल, आणि ती मटणाच्या रश्श्याबरोबर खातात.

आता हा खिसा कसा तयार होतो ते पाहू. गव्हाच्या पिठात पाणी घालून मळले की ग्लुटेन नावाचे प्रथिनांचे लवचीक जाळे तयार होते. लाटलेली पोळी खूप तापलेल्या पृष्ठभागावर टाकली की दोन्ही बाजूंची कातडी आधी घट्ट होते. आतले पाणी मागाहून उकळते. पाण्याची वाफ झाली की तिचे घनफळ सुमारे १६०० पट वाढते आणि कोंडलेली वाफ दोन थर अलग करते. फुलका आणि अरबी पिटा यांचे शास्त्र एकच. आच मंद असेल तर वाफ हळूहळू निसटून जाते आणि पोळी चामट होते. ग्रीक पद्धतीत काट्याने टोचे मारतात ते वाफ सुटून जावी म्हणूनच.

ज्वारीत ग्लुटेन नाही, मग भाकरी कशी फुगते? आपल्या आया-आज्यांनी याचे उत्तर हाताने शोधले आहे. पीठ कढत पाण्याने भिजवले की स्टार्चचे काही कण फुगून चिकट होतात. तेच ग्लुटेनचे काम भागवतात. तव्यावर टाकलेल्या भाकरीवरून पाण्याचा हात फिरवतात, त्याने वरच्या बाजूवर खळीसारखा थर बसतो आणि तो वाफ अडवतो. बिना ग्लुटेनची भाकरी फुगवणे हे पिट्यापेक्षा अवघड काम आहे, हे मी मुद्दाम नमूद करतो.

घरी पिटा करायचा तर अर्धा किलो चाळलेली कणीक, चहाचे दोन चमचे कोरडे यीस्ट, दीड चमचा मीठ आणि सुमारे ३०० मिलिलिटर कोमट पाणी पुरे. भातकुलीकरांनी येथे एक काळजी घ्यावी. पूर्णेच्या खोऱ्यातील सुमारे ४,७०० चौरस किलोमीटरचा टापू खारपाणपट्टा आहे. तेथील विहिरींच्या पाण्यात सोडियमचे क्षार, त्यांत बायकार्बोनेटही, पुष्कळ असतात. अशा अल्कधर्मी पाण्याने कणीक ताठर होते आणि यीस्ट मंदावते. गोडे पाणी मिळाले तर उत्तम. नाहीतर मीठ अर्धे करावे आणि दोन चमचे आंबट दही घालावे. दहा मिनिटे मळून तासभर झाकून ठेवावे, दहा गोळे करावेत, अर्ध्या सेंटिमीटर जाडीचे लाटून पुन्हा पंधरा मिनिटे ठेवावेत. ग्रीक पद्धत हवी तर टोचे मारून तेल लावलेल्या तव्यावर दोन्हीकडून भाजावेत. खिसा हवा तर टोचू नये, तवा कडकडीत तापवावा आणि शेवटी फुलक्यासारखे विस्तवावर धरावे.

उभा दांडा घरी कुठून आणणार? शिकागोकडच्या ग्रीक व्यावसायिकांनी १९७० च्या दशकात यावर तोड काढली. त्यांनी खिमाच मळून त्याचे घट्ट लगदे तयार केले. अर्धा किलो खिम्यात दीड चमचा मीठ, किसून पिळून काढलेला कांदा, लसूण आणि मिरी घालून कणकेसारखे मळावे. मिठामुळे मांसातील मायोसिन हे प्रथिन विरघळते, खिमा चिकट होतो आणि शिजल्यावर त्याची वडी पडते. ग्रीक लोक ओरेगानो घालतात. तो नसेल तर चिमूटभर ओवा चालेल. ओरेगानोत कार्व्हॅक्रॉल असते, ओव्यात थायमॉल. दोघांचे रेणुसूत्र एकच आहे, एक हायड्रॉक्सिल गट तेवढा वेगळ्या जागी. हा खिमा डब्यात दाबून कुकरमध्ये पंचवीस मिनिटे वाफवावा, पूर्ण गार करावा, पातळ काप करून तव्यावर कडा लाल होईपर्यंत परतावेत. मांस न खाणाऱ्यांनी घट्ट झुणका भरावा, पिट्याची हरकत नसते.

उरलेले पिटे फ्रिजमध्ये ठेवू नयेत. शिजलेला स्टार्च ४ अंश सेल्सियसच्या आसपास सर्वांत लवकर पुन्हा स्फटिकरूप घेतो आणि पिटा कडक होतो. एक तुकडा फ्रिजमध्ये आणि एक बाहेर झाकून ठेवून दुसऱ्या दिवशी वर्गात मोडून पाहावा. मग दोन्ही तव्यावर गरम करून पुन्हा मोडावे. ज्वारीच्या भाकरीचा तुकडा सोबत ठेवला तर तुलना अधिक रंगेल.