छापील शब्दाची साक्ष

१९६१ च्या मे महिन्यात अमेरिकेतल्या माँटगोमेरी शहरात 'फ्रीडम रायडर्स'वर गोऱ्यांचा जमाव तुटून पडला. बसमध्ये काळे आणि गोरे शेजारी शेजारी बसले, एवढाच त्यांचा अपराध. त्यांच्यातल्या मुलींना वाचवायला एक गोरा सरकारी अधिकारी पुढे झाला. डोक्यात लोखंडी नळीचा घाव बसून तो बेशुद्ध पडला. त्याचे नाव जॉन सीगेनथॉलर.

२००५ साली, वयाच्या ७८ व्या वर्षी, विकिपीडिया या इंटरनेटवरील ज्ञानकोशात त्याचे चरित्र होते. केनेडी बंधूंच्या खुनांत त्याचा हात असल्याचा काही काळ संशय होता, सिद्ध मात्र काही झाले नाही, असे त्यात लिहिलेले! ज्या रॉबर्ट केनेडीच्या शवपेटीला त्याने खांदा दिला, त्याच्याच खुनाचा हा डाग. चार महिन्यांहून अधिक काळ तो तसाच राहिला. कुणीतरी थट्टा म्हणून ते लिहिले होते, हे मागाहून उघड झाले. मला खटकते ते 'सिद्ध झाले नाही' हे शेपूट. किती तटस्थ दिसते ते! निंदेला तटस्थतेचे सोवळे नेसवता येते, हे आपल्याला तरी कोणी नव्याने शिकवायला नको.

या प्रकरणानंतर ज्ञानकोशाने जिवंत व्यक्तींच्या चरित्रांसाठी कडक नियम केला. वादग्रस्त विधानाला, मग ते निंदेचे असो वा स्तुतीचे, विश्वासार्ह प्रकाशित आधार नसेल तर ते ताबडतोब काढून टाकायचे. लिहिणाऱ्याने स्वतःचे मत घालायचे नाही. आधारग्रंथांत ज्याला जेवढे वजन, तेवढेच द्यायचे.

नियम योग्य आहे. पण छापणारे हात कुणाचे? २०१८ साली डोना स्ट्रिकलंड या भौतिकशास्त्रज्ञ स्त्रीवरील नोंदीचा मसुदा पुरेशा आधारांअभावी परत गेला. त्याच वर्षी ऑक्टोबरात तिला नोबेल मिळाले आणि नोंद झाली. विद्यापीठातल्या गोऱ्या बाईची ही गत.

आमच्या वस्तीत एक आजी आहेत. १९७९ च्या नामांतराच्या लाँग मार्चमध्ये त्यांना अटक झाली होती. त्यांच्यावर नोंद लिहावी म्हणून मी त्या वेळचे एक दैनिक शोधून काढले. त्यात 'काही महिलांना अटक' एवढेच. 'काही महिला' म्हणजे आमच्या आजी, हे वस्तीला माहीत आहे, कागदाला नाही. मला राग आला. नियमच मोडावा, असेही क्षणभर वाटले. मग सीगेनथॉलर आठवला. माझ्या शब्दावर आजींची कीर्ती तिथे चढली, तर उद्या गावच्या पाटलाच्या शब्दावर त्यांची बदनामीही चढेल. आणि पाटलाकडे फुरसत अधिक.

उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी हा पेच फार आधी ओळखला होता, असे म्हणावे लागेल. आंबेडकरी चळवळीतल्या हयात स्त्रियांना त्या जाऊन भेटल्या, त्यांच्या तोंडून ऐकले, लिहून घेतले. १९८९ साली 'आम्हीही इतिहास घडवला' हे पुस्तक निघाले, आणि तोवर जे नुसते बोलणे होते त्याला पृष्ठक्रमांक मिळाला.

आजींकडे मी दर रविवारी वही घेऊन जातो. परवा त्यांनी विचारले, "बाळा, हे छापणार कधी?"