फाईल साहेबांकडे आहे!

सरकारी कचेरीत अर्ज दिला की उत्तरं दोनच हवीत, हो किंवा नाही. पण मिळतं तिसरंच... "फाईल साहेबांकडे आहे." नकाराविरुद्ध अपील तरी करता येतं, या गप्प बसण्याचं काय करायचं?

यावरचं जुनं औषध म्हणजे 'मॅन्डॅमस', आपला परमादेश. लॅटिन अर्थ, 'आम्ही आज्ञा करतो'. १६१५ साली प्लिमथच्या नगरसभेतून काढलेल्या जेम्स बॅगला परत घ्या, असं इंग्लंडच्या किंग्ज बेंच कोर्टाने बजावलं. या उपायाचं मूळ सहसा तिथे दाखवतात.

आपल्याकडे १८७७ च्या स्पेसिफिक रिलीफ ॲक्टचं कलम ४५ आलं. मुंबई, कलकत्ता, मद्रास इथल्या हायकोर्टांना असा हुकूम काढता येई, पण त्या त्या शहराच्या हद्दीपुरताच. म्हणजे साताऱ्याच्या शेतकऱ्याला उपयोग शून्य! आणि खरी मेख पुढेच आहे. हा हुकूम खुद्द सरकारला लागूच नव्हता!

ही मेख निघाली २६ जानेवारी १९५० ला. घटनेच्या कलम २२६ मध्ये 'सरकार' हा शब्द स्पष्ट घातलाय.

आता हायकोर्ट सहसा एवढंच सांगतं, की अर्ज अमुक आठवड्यांत निकाली काढा. 'मंजूर करा' असं नाही बरं का! पण लेखी नकार हातात आला की निदान भांडता तरी येतं.

अर्थात, दर अर्जासाठी हायकोर्ट कुणाला परवडणार? म्हणून २००५ च्या माहिती अधिकारातली ३० दिवसांची मुदत मला मोठी वाटते. तिथे घड्याळ कायद्यातच बसवलंय.